पत्रकार एजेवित, मंत्री एजेवित

प्रश्न : तुर्कस्तानचे माजी पंतप्रधान बुलेंत एजेवित मूळचे पत्रकार होते असं वाचलं. नावापुरते की खरोखरचे?

खरोखरचे. १९५० पासून ते अंकाराच्या 'उलुस'मध्ये होते. हे रिपब्लिकन पीपल्स पार्टीचं, म्हणजे जेहेपेचं, मुखपत्र. १९५४ मध्ये अमेरिकेतल्या नॉर्थ कॅरोलायनातील विन्स्टन-सेलमच्या दैनिकात ते पाहुणे पत्रकार म्हणून गेले आणि तिथला वर्णभेद पाहून त्यांनी यजमानांच्याच पेपरात त्यावर लिहिलं. हा निर्भीडपणा मला त्यांच्या पुढच्या अनेक भाषणांपेक्षा मोलाचा वाटतो. १९५७ मध्ये ते अंकारातून खासदार झाले. रवींद्रनाथांची 'गीतांजली' त्यांनी तुर्की भाषेत आणली होती आणि लंडनमध्ये असताना संस्कृत-बंगालीचे धडेही गिरवले होते.

प्रश्न : मंत्री म्हणून त्यांनी नेमकं काय केलं? सायप्रसपलीकडे काही सापडत नाही.

हा प्रश्न विचारलात, बरं झालं. १९६१ ते १९६५ ते कामगारमंत्री होते आणि त्यांच्या कारकिर्दीतलं सर्वांत भरीव काम मी यालाच म्हणेन.

तुर्कस्तानात १९३६ च्या कायद्याने संपाला बंदी होती. १९६१ च्या राज्यघटनेने हक्क दिला खरा, पण तो वापरायचा कसा, हे सांगणारा कायदाच नव्हता. त्या वर्षाच्या शेवटच्या दिवशी इस्तंबूलच्या साराचहाने चौकात हजारो कामगार जमले. मागणी एकच : कायदा करा. १९६३ च्या सुरुवातीला इस्तिन्येतल्या कावेल केबल कारखान्याच्या कामगारांनी तर कायद्याची वाट न पाहता काम बंद केलं. पोलीस आले, धरपकड झाली, खटले भरले गेले.

त्याच जुलैमध्ये २७४ आणि २७५ क्रमांकांचे कायदे झाले : एक कामगार संघटनांचा, दुसरा सामूहिक करार आणि संपाचा. कावेलच्या कामगारांवरचे खटले निकाली निघावेत म्हणून दुसऱ्यात खास तरतूद घातली गेली. लोक तिला 'कावेल कलम' म्हणू लागले. राजपत्रात हे कायदे २४ जुलैला छापले गेले. १९०८ मध्ये याच तारखेला सेन्सॉरशिप हटली, म्हणून तुर्की पत्रकार हा दिवस आपला मानतात.

उणिवा होत्याच. मालकांना टाळेबंदीचा, म्हणजे कारखाना बंद ठेवून कामगारांना बाहेर ठेवण्याचा, हक्क मिळाला, सरकारी नोकर संपाच्या हक्काबाहेर राहिले. शिवाय हे सारं एकट्या मंत्र्याचं श्रेय नव्हे. कामगारांनी रेटा लावला. एजेवितांनी तो ओळखला आणि कायद्यात उतरवला, एवढं श्रेय मात्र त्यांचं नि:संशय आहे.

प्रश्न : मग सायप्रसचं काय?

जुलै १९७४ मध्ये ग्रीक लष्करशाहीच्या पाठिंब्याने सायप्रसमध्ये उठाव झाला आणि पंतप्रधान एजेवितांनी २० जुलैला तिथे सैन्य उतरवलं. मायदेशी ते एका रात्रीत वीर ठरले. बेट आजही दुभंगलेलंच आहे, आणि घरदार सोडावं लागलेल्या ग्रीक आणि तुर्की अशा दोन्हीकडच्या माणसांचा विचार केल्याशिवाय मला त्या विजयाबद्दल लिहिता येत नाही.

प्रश्न : राजकारणात गेल्यावर लेखणी सुटली का?

नाही. सप्टेंबर १९८० मध्ये लष्कराने सत्ता घेतली, एजेवितांना ताब्यात घेतलं, पुढे सगळे पक्ष बंद केले. जुन्या पुढाऱ्यांना राजकीय मत मांडायलाही मनाई झाली. ते पुन्हा पत्रकारितेकडे वळले आणि १९८१ मध्ये 'आरायिश' हे साप्ताहिक सुरू केलं. नावाचा अर्थ शोध. मनाई मोडून मत मांडल्याबद्दल, परदेशी वार्ताहरांशी बोलल्याबद्दल त्यांना तुरुंगात जावं लागलं. वीसेक वर्षांपूर्वी ज्यांनी संपाचा हक्क कायद्यात बसवला, त्यांच्यावर आता चार ओळी छापल्याबद्दल खटले चालत होते.