तुझ्या नावाच्या मधोमध

प्रिय सई,

मंगळवारी शाळेतून आल्या आल्या तू विचारलंस, "आई, माझ्या नावात मुलाचं नाव का आहे?" वर्गात नावांच्या अर्थांवर काहीतरी चाललं होतं. हजेरीपटावरचं तुझं मधलं नाव कुणीतरी मोठ्यानं वाचलं. 'मंदार' हे माझ्या बाबाचं नाव आहे असं तू सांगितलंस, तर सगळ्यांना नवल वाटलं. बूट काढता काढता तू आणखी एक प्रश्न टाकलास, "आणि तुझ्या नावातही बाबाच आहे. मग तू कुठे आहेस?"

मी म्हटलं, आपल्याकडे तसंच असतं. हे उत्तर मला लहानपणी कधी आवडलं नव्हतं आणि तेच मी तुला दिलं. म्हणून हे लिहिते आहे. मराठी वाचायला वेळ लागेल, अडलं तर बाबा वाचून दाखवेल.

आपल्याकडे पूर्ण नाव म्हणजे आपलं नाव, वडिलांचं नाव, आडनाव. आम्ही वाईला राहायचो तेव्हा पाहुणे घरी आले की पहिला प्रश्न हाच, "पूर्ण नाव सांग बघू." ताठ उभं राहून, एका दमात म्हणायचं. माझ्या नावात मधे दत्तात्रय होतं, तुझ्या आजोबांचं. चौथीच्या स्कॉलरशिपचा फॉर्म आजोबांनी माझ्याकडून आधी पेन्सिलीनं भरून घेतला होता. इंग्रजी स्पेलिंगला एकेका अक्षराला एकेक चौकोन. सुजाताला सहा, दत्तात्रयला दहा. त्यांचं नाव माझ्यापेक्षा लांब म्हणून मी कुरकुरले, तर ते म्हणाले, "मी आधी आलो ना, म्हणून मला जागा जास्त." त्या दहा चौकोनांत मला किती सुरक्षित वाटायचं, हे मी कुणाला कधी सांगितलेलं नाही. परीक्षेचा हॉल परका, बाक परका, पण कोपऱ्यावर चिकटवलेल्या चिठ्ठीवर बाबा माझ्या शेजारी बसलेले.

तुझ्या प्रश्नाचं खरं उत्तर बहुधा एवढंच आहे. तुलाही तसं वाटावं असं मला वाटलं.

आणि असं करणारे आपणच नाही गं. तुझ्या शेजारी बसते ती मॅकडोनाल्ड बघ. 'मॅक' म्हणजे मुलगा. तिच्या आडनावाचा अर्थच 'डोनाल्डचा मुलगा', आणि ती मुलगी आहे! स्कॉटलंडच्या जुन्या गेलिक भाषेत मुलीनं 'मॅक'ऐवजी 'निक' लावायचं असतं, पण इंग्रजी कागदांवर सगळेच मॅक झाले. रशियात तर वडिलांच्या नावाशिवाय मोठ्या माणसाला हाक मारणं उद्धटपणाचं. व्लादिमिरची मुलगी ती व्लादिमिरोव्ना. आइसलंडमध्ये बहुतेकांना आडनावच नसतं, फक्त अमक्याचा मुलगा नाहीतर अमक्याची मुलगी. विग्दिस फिनबोगादोत्तिर १९८० मध्ये तिथल्या राष्ट्राध्यक्ष झाल्या. मतदानानं निवडून आलेल्या जगातल्या पहिल्या महिला राष्ट्राध्यक्ष त्या, आणि त्यांच्या नावाचा अर्थ 'फिनबोगीची मुलगी विग्दिस'. लग्न झालं म्हणून तिथे हे नाव बदलत नाही. बाई जन्मभर आपल्या वडिलांची मुलगी राहते.

हे शेवटचं वाक्य लिहून मी जरा थांबले होते.

कारण माझं बदललं. लग्नानंतर दत्तात्रय जाऊन मंदार आलं, आणि कुलकर्णी जाऊन पेडणेकर. कुणी जबरदस्ती केली नाही. बाबानं तर नाहीच नाही. पण कुणी विचारलंही नाही, आणि मलाही विचारावंसं वाटलं नाही. आडनाव गेल्याचं मला फारसं काही वाटलं नाही, खरंच. कुलकर्णी म्हणजे गावाचा हिशोब लिहिणारा, ते वतन केव्हाच संपलं, आणि आजोबा तर चित्रकलेचे शिक्षक होते. पेडणेकर म्हणजे पेडण्याचे. पेडणे गोव्यात, आणि बाबाच्या घरातलं आता तिथे कुणीच राहत नाही. आडनावं अशीच मागे राहिलेल्या गोष्टी सांगतात. इथल्या स्मिथांचंही तेच, आपल्या लोहारांसारखे. पण मधलं नाव जिवंत माणसाचं असतं.

आजोबा गेले तेव्हा तू दोन वर्षांची होतीस. बँकेच्या कामासाठी मी आठ दिवस वाईला राहिले. तिथे मला सांगण्यात आलं की तुमच्या नावात तर वडिलांचं नाव कुठेच नाही, तुम्ही त्यांची मुलगी कशावरून? मग स्टॅम्प पेपरवर प्रतिज्ञापत्र करावं लागलं. लग्नाआधीचं नाव आणि लग्नानंतरचं नाव या एकाच व्यक्तीची नावं आहेत, असं शपथेवर लिहून दिलं. सही करताना हात थरथरला. ते दहा चौकोन आठवले. तू म्हणालीस ना, 'मग तू कुठे आहेस', ते तिथे लागलं मला.

तरी माझं थोडक्यात निभावलं. माझ्या आजीचं, म्हणजे तुझ्या पणजीचं, तर पहिलं नावसुद्धा बदललं होतं. लग्नात ताटात तांदूळ पसरून त्यावर अंगठीनं नवीन नाव लिहायचे, तसं तिचं 'शालिनी' लिहिलं गेलं. आम्ही तिला त्याच नावानं ओळखत होतो. मी सहा-सात वर्षांची असेन, भाऊबीजेला एक म्हातारे गृहस्थ दारात आले आणि त्यांनी हाक मारली, "कुसुम! अगं कुसुम!" मी म्हटलं, इथे कुसुम नावाचं कुणी राहत नाही. तेवढ्यात आजी हातातलं पीठ न धुता स्वयंपाकघरातून धावत बाहेर आली. धावताना मी तिला कधीच पाहिलं नव्हतं. तो तिचा धाकटा भाऊ होता. दिवसभर ती कुसुम होती, हसत होती, आणि तो गेल्यावर पुन्हा शालिनी झाली.

बघ, मी बाजू मांडायला बसले आणि हे सांगत बसले.

नावानं माणसाचं भलं चिंतावं तशी नावानं इजाही करता येते. माझ्या वर्गात एक नकुसा होती. लागोपाठ मुली झाल्या की पुढची नको म्हणून 'नकुशी', 'नकुसा' ठेवायचे. ती चांगली गाणारी मुलगी होती, आणि आम्ही ते नाव बिनदिक्कत हाकारायचो, अर्थ डोक्यात न येता. २०११ मध्ये साताऱ्यात अशा २८५ मुलींना समारंभ करून नवीन नावं दिली, मुलींनी ती स्वतः निवडली. बातमी मी इथे एडिंबरात वाचली आणि तिची फार आठवण झाली.

तुझं नाव मात्र सगळ्यांना हवं होतं. बाराव्या दिवशी बारसं करायचं तर आत्या पुण्यात. मग फोन तुझ्या कानाशी धरला आणि तिनं तिकडून 'कुर्रर्र' करून नाव सांगितलं. सई म्हणजे मैत्रीण. संभाजीराजांच्या आईचं, सईबाईंचं नाव. त्या फलटणच्या निंबाळकरांच्या, म्हणजे माझ्या सातारा जिल्ह्यातल्या. आत्यानं हे मुद्दाम शोधलं होतं, माझ्याकडचं काहीतरी तुझ्या नावात असावं म्हणून. त्या वेळी माझ्या ते लक्षातही आलं नव्हतं.

आता तिकडेही बदलतं आहे. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदांवर मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव असं लिहायचं. मामाच्या चिमुकलीचं तसंच आहे. मामीचं नाव तिच्या नावाला लागूनच येतं. स्पेनमध्ये तर वडिलांचं आणि आईचं अशी दोन आडनावं पूर्वीपासून लावतात. आणि म्यानमारच्या आंग सान सू ची यांच्या नावात वडील आहेत, आजी आहे, आई आहे, आणि आडनाव नाहीच.

तुला काय करायचं ते मी सांगणार नाही. मंदार काढावंसं वाटलं तर मोठी झाल्यावर काढ. बाबाशी बोलले मी, तो म्हणाला तिचं नाव आहे. (नंतर बराच वेळ गप्प होता.) माझं नाव जोडावंसं वाटलं तर मला आवडेल, पण तुझा प्रश्न ऐकून मी ते मागून घेते आहे असं नको व्हायला. तुझ्या वर्गातल्यांना सध्या एवढं सांग की ते मुलाचं नाव नाही, माझ्या बाबाचं आहे.

एक काम मात्र कर. रविवारी आजीला फोन करशील तेव्हा विचार, पणजी कुसुम होती तेव्हा तिचं पूर्ण नाव काय होतं. मधलं नाव कुणाचं, आडनाव कुठलं. मी कधी विचारलं नाही, आणि आता ते माहीत असलेली आजी एकटीच आहे. नीट लिहून घे. अक्षरं चुकली तर तिला पुन्हा विचार, तिला राग येणार नाही.

तुझी,
आई