साके लई कडक असती का?

प्रश्न : आम्ही मित्र सांगलीहून जपानला चाललोय, टूरवाला म्हणतोय क्योटोत गाईडसोबत साके (जपानची तांदळाची दारू) टेस्टिंग करा, पण एकजण पीतच नाही. आणि साके लई कडक असती का?

उत्तर : नाही हो, साधारण १५-१६ टक्के अल्कोहोल, वाईनपेक्षा थोडं जास्त. क्योटोत फुशिमीला जावा, पाणी चांगलं म्हणून तिथं जुने साके कारखाने आहेत. गाईडला साधी साके आणि दाइगिंजो (साकेचाच भारीतला प्रकार) शेजारीशेजारी द्यायला सांगा, दाइगिंजोचा तांदूळ घासून घासून निम्मा किंवा त्याहून कमी ठेवतात (आपली आजी ओरडलीच असती!) म्हणून वास फळासारखा येतो, ती थंडच प्या. मध्ये मध्ये पाणी पीत राहा. न पिणाऱ्याला कोजीची (खास बुरशी वाढवलेल्या तांदळाची) आमाझाके द्या, हे तांदळाचं पेय, गोड आणि बिनअल्कोहोलची, फक्त साकेच्या चोथ्याची नको, तिच्यात थोडं अल्कोहोल असतं.