1899 मध्ये अमेरिकन फुटबॉलमध्ये सवानी कॉलेजने खरंच सहा दिवसांत पाच सामने जिंकले होते का?

हो, खरंच जिंकले, आणि पाचही सामन्यांत समोरच्या विद्यापीठाच्या संघाला एकही गुण करू दिला नाही. टेनेसीतल्या या छोट्या कॉलेजच्या संघाने 9 नोव्हेंबरला ऑस्टिनमध्ये टेक्ससला 12-0, 10 ला ह्यूस्टनमध्ये टेक्सस ए अँड एमला 10-0, 11 ला न्यू ऑर्लिन्समध्ये टुलेनला 23-0 हरवलं. 12 ला रविवार, म्हणून खेळ नाही. मग 13 ला बॅटन रूजला एलएसयूवर (लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटी) 34-0, 14 ला मेम्फिसमध्ये ओल मिसवर (मिसिसिपी विद्यापीठ) 12-0. सगळा प्रवास रेल्वेने, म्हणजे आज खेळायचं आणि उद्याच्या मैदानासाठी गाडी पकडायची. दौरा मॅनेजर ल्यूक ली याने आखला होता, प्रशिक्षक बिली सूटर. पूर्ण हंगामात 12 पैकी 12 विजय, गुण 322 विरुद्ध 10. ते दहाही गुण एकट्या ऑबर्नच्या संघाने केले, आणि तो सामना सवानीने जेमतेम 11-10 असा काढला. माझ्या मते हंगामाची खरी कसोटी तीच.

मात्र हे आकडे आजच्या फुटबॉलशी ताडून पाहू नका. तेव्हा टचडाउनला (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोल-रेषेपलीकडे नेण्याला) 5 आणि त्यानंतरच्या किकला 1 गुण मिळे, चेंडू पुढच्या दिशेने फेकून पास द्यायला बंदी होती आणि तीन डाउनमध्ये (चेंडू पुढे नेण्याच्या तीन प्रयत्नांत) फक्त 5 यार्ड काढावे लागत. उलट बदललेला खेळाडू परत मैदानात येऊ शकत नसे, त्यामुळे तेच थकलेले गडी दोन्ही बाजूंनी, चढाईला आणि बचावाला, खेळत राहत.