स्वतःवर फिल्म करायचीय? आधी व्हॉइसओव्हर थांबव

'मी कोण आहे?' हे व्हॉइसओव्हरमध्ये बोलून टाकलंस की बघणाऱ्याला करण्यासारखं काही उरत नाही. आरशासमोरचा उदास शॉटही नको, तो सगळ्यांनीच करून झालाय. प्रयोगशील फिल्ममेकर माया डेरेनने १९४३ मध्ये 'मेशेस ऑफ द आफ्टरनून'मध्ये काळ्या झग्यातल्या आकृतीला चेहऱ्याच्या जागी आरसाच दिला, आणि एका टेबलाशी स्वतःलाच तीनदा बसवलं. सगळं बिनसंवादाचं.

असा दुहेरी 'मी' तुला घरातही जमेल. ट्रायपॉड हलता कामा नये. फोकस, एक्सपोजर (उजेड किती घ्यायचा), व्हाइट बॅलन्स (रंगांचा समतोल) तिन्ही मॅन्युअलवर लॉक कर. ऑटोवर राहिलं तर दोन टेकचे रंग जुळत नाहीत. मग दुसऱ्या खुर्चीत बसून दुसरा टेक घे आणि एडिटमध्ये मधोमध मास्क लाव, म्हणजे अर्धी फ्रेम एका टेकची आणि अर्धी दुसऱ्याची दिसेल. हात किंवा सावली त्या रेषेपलीकडे गेली की बिंग फुटलंच! खिडकीचा उजेड सतत बदलतो, म्हणून दोन्ही टेक लागोपाठ उरक.

कॅमेरा कुठला, हा वाद इतरांना घालू दे.

घरच्यांना फिल्ममध्ये घेणार असशील तर रफ कट, म्हणजे पहिलं कच्चं एडिट, आधी त्यांना दाखव. ओळख तुझी असली तरी चेहरे त्यांचे आहेत.