शांततेच्या सह्या, मॉस्कोचा पैसा

शीतयुद्धाच्या काळातल्या ‘विश्वशांतता परिषदे’बद्दल वाचकांनी विचारलेल्या प्रश्नांपैकी निवडक प्रश्नांची ही उत्तरे. परिषदेची थोडक्यात ओळख अशी : एप्रिल १९४९ मध्ये पॅरिसला शांतता-समर्थकांची जागतिक परिषद भरली. फ्रान्सने ज्यांना व्हिसा नाकारले त्यांनी त्याच दिवसांत प्रागला समांतर बैठक घेतली. नोव्हेंबर १९५० मध्ये वॉर्सा येथे या चळवळीची कायमची संघटना झाली, तीच विश्वशांतता परिषद. पहिले अध्यक्ष नोबेलविजेते फ्रेंच शास्त्रज्ञ फ्रेडरिक जोलिओ-क्यूरी.

प्रश्न : आजोबांच्या कागदपत्रांत कबुतराचे चित्र आणि सह्यांसाठी आखलेल्या ओळी असलेला एक छापील कागद सापडला. साल कुठेच नाही. तो कधीचा असेल? (एक वाचक, नाशिक)

साल मजकुरात सापडेल. अण्वस्त्रांवर संपूर्ण बंदी, तिच्यावर कडक आंतरराष्ट्रीय नियंत्रण आणि जे सरकार पहिल्यांदा अणुबॉम्ब टाकेल ते युद्धगुन्हेगार, एवढ्याच मागण्या असतील तर ते मार्च १९५० चे स्टॉकहोम आवाहन. त्याचा सगळा मजकूर चार वाक्यांचा आहे. अमेरिका, सोव्हिएत संघ, चीन, ब्रिटन आणि फ्रान्स या पाच सत्तांनी शांतता करार करावा अशी मागणी असेल, तर कागद फेब्रुवारी १९५१ च्या बर्लिन आवाहनाचा. अणुयुद्धाच्या तयारीविरुद्धचे व्हिएन्ना आवाहन जानेवारी १९५५ चे. शस्त्रस्पर्धा थांबवा असा सूर असलेले ‘नवे स्टॉकहोम आवाहन’ थेट १९७५ चे.

चित्रावर फार भिस्त ठेवू नका. पिकासोचे १९४९ चे कबुतर काळ्या पार्श्वभूमीवर जमिनीवर उभे असलेले, पायांवरही पिसे असलेले आहे. मूळ पक्षी त्याला मातिसने दिला होता. नंतरची कबुतरे साध्या रेषांची, उडणारी. पण दोन्ही चित्रांच्या नकला पुढे जगभर छापल्या गेल्या, त्यामुळे १९५५ च्या कागदावर १९४९ चे कबुतर असू शकते. कागद लॅमिनेट मात्र करू नका. आत अडकलेला आम्लयुक्त जुना कागद तसाच पिवळा होत राहतो आणि प्लास्टिक पुन्हा काढता येत नाही.

प्रश्न : स्टॉकहोम आवाहनावर जगभरात ५० कोटी सह्या झाल्या असे वाचले. हा आकडा खरा मानायचा का? (एक वाचक, सांगली)

आकडा चळवळीचा स्वतःचा. तपासणारा त्रयस्थ कोणी नव्हता. त्याचे दोन भाग केले म्हणजे चित्र स्पष्ट होते.

एकट्या सोव्हिएत संघात साडेअकरा कोटी सह्या झाल्या, म्हणजे जवळपास सगळी प्रौढ लोकसंख्या. पद्धत सरळ होती. आधी सुप्रीम सोव्हिएतने, म्हणजे तिथल्या संसदेने, आवाहनाला पाठिंबा दिला, मग कारखान्यात, सामूहिक शेतावर, शाळेत सभा. सभेत ठराव, आणि ठरावापाठोपाठ यादी हातोहात फिरायची. सही करणे हा इथे मताचा प्रश्नच नव्हता. न केलेली सही मात्र लगेच नजरेत भरायची. पूर्व जर्मनीत ‘यहोवाचे साक्षीदार’ या राजकारणापासून दूर राहणाऱ्या ख्रिस्ती पंथाच्या लोकांनी सही करायला नकार दिला. त्यांच्यावर १९५० च्या ऑगस्टअखेर बंदी आली. बंदीला इतरही कारणे दिली गेली, पण हा नकार त्यांच्या खात्यावर मांडलेला होताच.

फ्रान्स आणि इटलीतल्या सह्यांची गोष्ट वेगळी. तिथे कम्युनिस्ट कार्यकर्ते दारोदार फिरले आणि लाखो बिगर-कम्युनिस्टांनी मनापासून सही केली. महायुद्ध संपून पाच वर्षे झाली होती, हिरोशिमा ताजे होते. अणुबॉम्ब नको म्हणायला कोणाला मॉस्कोचा सांगावा लागत नव्हता. या सह्यांना खोटे म्हणणे अन्यायाचे होईल.

खरी मेख मजकुरात काय नाही यात आहे. १९५० मध्ये अमेरिकेकडे सुमारे ३०० अणुबॉम्ब होते. सोव्हिएत संघाने पहिली चाचणी ऑगस्ट १९४९ मध्ये केली होती, हाती मोजकेच बॉम्ब. उलट युरोपात रणगाडे आणि पायदळ यांत सोव्हिएत बाजू वरचढ. आवाहनात रणगाड्यांचा उल्लेख नाही, सैन्यकपातीचा नाही. बंदी मागितली ती दुसऱ्याच्या हुकमी शस्त्रावर. ‘कडक नियंत्रण’ हे शब्द आहेत, पण आंतरराष्ट्रीय संस्थेने आत येऊन तपासावे अशी व्यवस्था असलेली १९४६ ची अमेरिकेची बरुच योजना सोव्हिएत संघानेच फेटाळली होती. आणि मोहीम भरात असताना, २५ जून १९५० रोजी, उत्तर कोरियाच्या फौजा दक्षिणेत घुसल्या. आवाहनाच्या व्याख्येनुसार तो गुन्हा ठरत नव्हता, कारण त्यात अणुबॉम्ब नव्हता.

प्रश्न : परिषदेला पैसा नेमका कसा मिळे? आदेश कसे पोहोचत? (एक वाचक, पुणे)

वरून खाली अशी साखळी होती. धोरण सोव्हिएत कम्युनिस्ट पक्षाच्या मध्यवर्ती समितीच्या आंतरराष्ट्रीय विभागात ठरायचे. १९५० च्या दशकापासून १९८६ पर्यंत त्याचे प्रमुख होते बोरिस पोनोमारेव्ह. विभागाखाली सोव्हिएत शांतता समिती. तिच्या अध्यक्षपदी तीसएक वर्षे कवी निकोलाय तिखोनोव्ह होते. चेहरा साहित्यिकाचा, कारभार पक्षाचा. त्यानंतर परिषदेचे सचिवालय आणि शेवटी देशोदेशींच्या शांतता समित्या. कामगार, विद्यार्थी, महिला, वकील यांच्याही अशाच जागतिक संघटना होत्या आणि त्या एकमेकींच्या ठरावांना अनुमोदन देत. एकच आवाज पाच दिशांनी आला की तो जनमत वाटतो.

पैशासाठी सोव्हिएत शांतता निधी होता. नागरिक त्यात ‘स्वेच्छेने’ देणगी देत. कितीदा तरी ती एक दिवसाचा पगार अशी असे. १९८२ पासून या निधीचे प्रमुख बुद्धिबळपटू अनातोली कार्पोव्ह. रोख रकमेखेरीज विमानाची तिकिटे, हॉटेल, दुभाषे, छपाई असा मदतीचा मोठा भाग वस्तुरूपात यायचा आणि हिशेबात दिसायचा नाही. १९८१ मध्ये परिषदेने संयुक्त राष्ट्रांच्या आर्थिक व सामाजिक परिषदेकडे वरच्या श्रेणीचा सल्लागार दर्जा मागितला. तिथे उत्पन्नाचा हिशेब विचारल्यावर अर्ज मागे घेतला गेला. पुढे १९८९ मध्ये, ग्लासनोस्तच्या, म्हणजे गोर्बाचेव्ह यांच्या खुलेपणाच्या धोरणाच्या, वाऱ्यात, परिषदेनेच कबूल केले की सुमारे ९० टक्के पैसा सोव्हिएत संघातून येतो.

मुख्यालयाचा प्रवासही बोलका आहे. पॅरिसहून १९५१ मध्ये हकालपट्टी, मग प्राग, १९५४ मध्ये व्हिएन्ना. त्या वेळी व्हिएन्ना चार विजेत्या राष्ट्रांत वाटलेले होते आणि एका भागावर सोव्हिएत फौजांचा ताबा होता. फौजा १९५५ मध्ये गेल्या आणि १९५७ मध्ये ऑस्ट्रियाने परिषदेवर बंदी घातली. कचेरी हलली नाही. दारावर ‘आंतरराष्ट्रीय शांतता संस्था’ अशी पाटी आली. १९६८ मध्ये हेलसिंकी.

अधिवेशनात घोषणांपेक्षा कामकाजाची रीत पाहावी. अध्यक्षमंडळ आधीच ठरलेले. मसुदे तयार होऊन आलेले. उपसमित्यांत भाषणे भरपूर, दुरुस्त्या किरकोळ. शेवटी टाळ्यांच्या गजरात एकमत. मोजून मतदान झाले तर विरोधी मतेही मोजावी लागतात!

प्रश्न : मग अमेरिका काय धुतल्या तांदळासारखी होती? (एक वाचक, ठाणे)

नव्हती. जून १९५० मध्ये बर्लिनला स्थापन झालेल्या ‘काँग्रेस फॉर कल्चरल फ्रीडम’ या कम्युनिस्टविरोधी लेखक-विचारवंतांच्या संघटनेला सीआयए या अमेरिकी गुप्तहेर संस्थेचा पैसा होता, हे १९६६-६७ मध्ये उघड झाले. तिची भारतीय परिषद मार्च १९५१ मध्ये मुंबईतच भरली आणि मिनू मसानी तिच्या प्रमुख मंडळींपैकी. इथेही पैसा लपवलेला होता आणि अनेक सदस्यांना त्याचा पत्ता नव्हता. फरक एवढा, की हे बिंग तिथल्याच वृत्तपत्रांनी आणि मासिकांनी फोडले आणि संघटना त्या धक्क्याने मोडली. मॉस्कोच्या बाजूचा हिशेब बाहेर यायला राजवटीचाच शेवट जवळ यावा लागला.

प्रश्न : आपल्याकडचे दामोदर कोसंबी यांच्यासारखे विद्वान यात कसे? ते फसले की सामील होते? (एक वाचक, मडगाव)

‘फसले’ आणि ‘सामील’ या दोन्ही शब्दांत ही माणसे बसत नाहीत. गोव्यात जन्मलेले कोसंबी मुंबईत टाटा मूलभूत संशोधन संस्थेत गणित करत होते आणि शांतता चळवळीत उघडपणे, हिरिरीने वावरत होते. १९५२ च्या पेकिंगच्या (आजचे बीजिंग) शांतता परिषदेलाही ते गेले. पण त्यांचा अण्वस्त्रविरोध उसना नव्हता. भारताने अणुऊर्जेपेक्षा सौरऊर्जेवर पैसा घालावा हे ते भाभांच्या संस्थेत राहून सांगत होते, आणि ती काही मॉस्कोची ओळ नव्हे.

बाकीची नावे बघा. जालियनवाला बागेच्या दिवसांतले नेते सैफुद्दीन किचलू यांना १९५२ चे स्टालिन शांतता पारितोषिक मिळाले. परळच्या हाफकिन संस्थेचे संचालक राहिलेले मेजर जनरल साहिबसिंग सोखी यांना १९५३ चे. पुढे पारितोषिकाचे नाव लेनिनचे झाले आणि १९५७ मध्ये ते सी. व्ही. रामन यांना मिळाले. ही निवड विचारपूर्वक होती. पक्षाचे सभासद नसलेले, ज्यांच्या शब्दाला घरोघर मान आहे, असेच लोक व्यासपीठाला हवे असत. परिषदेचे खरे सुकाणू असायचे सरचिटणीसाकडे, आणि तिथे विश्वासातला माणूस लागे. १९६६ पासून ते पद भारतीय कम्युनिस्ट पक्षाचे रमेश चंद्र यांच्याकडे होते. १९७७ ते १९९० ते अध्यक्ष होते. त्यांचे निधन २०१६ मध्ये मुंबईत झाले.

भारतीयांना सोव्हिएत बाजू जवळची वाटण्याला ठोस कारणेही होती. डिसेंबर १९६१ मध्ये गोव्याच्या प्रश्नावर सुरक्षा परिषदेत भारताविरुद्धचा ठराव अडवला तो सोव्हिएत नकाराधिकाराने. मडगावच्या वाचकाला हे वेगळे सांगायला नको.

प्रश्न : खरी शांतता संघटना आणि सरकारी शांतता संघटना यांतला फरक कसा ओळखावा? (एक वाचक, औरंगाबाद)

पाठीराख्या सरकारने स्वतः गोळी झाडली त्या आठवड्याचे ठराव काढून वाचावेत. हंगेरीत १९५६ मध्ये रणगाडे शिरले. परिषदेने डिसेंबरात सांगितले की आमच्यात मतभेद आहेत, म्हणून एकत्र मत देता येत नाही. त्याच सुमारास ब्रिटन, फ्रान्स आणि इस्रायलने सुएझ कालव्यावरून इजिप्तवर केलेल्या हल्ल्यावर मात्र मत देता आले होते. १९७९ च्या डिसेंबरात सोव्हिएत फौजा अफगाणिस्तानात गेल्या तेव्हा तर मौनही नाही, चक्क पाठराखण. नाटोच्या क्षेपणास्त्रांविरुद्ध आवाज मोठा. ज्यांना उत्तर म्हणून ती येत होती त्या सोव्हिएत एसएस-२० क्षेपणास्त्रांवर जेमतेम शब्द.

जपानमध्ये हे सगळ्यांत वाईट रीतीने अंगाशी आले. अणुबॉम्बविरोधी संघटना गेन्सुइक्योच्या परिषदेने ऑगस्ट १९६१ मध्ये ठरवले की जो देश पहिल्यांदा चाचण्या पुन्हा सुरू करेल तो शांततेचा शत्रू. रोख अमेरिकेवर होता. १ सप्टेंबरला चाचण्या सुरू केल्या सोव्हिएत संघाने, आणि ३० ऑक्टोबरला आजवरचा सर्वांत मोठा बॉम्ब फोडला. जपानी कम्युनिस्टांना या चाचण्यांचा निषेध नको होता, समाजवाद्यांना हवा होता. भरीला १९६३ च्या मर्यादित चाचणीबंदी करारावरून मॉस्को आणि पेकिंग यांचे फाटले. संघटना दुभंगली आणि १९६५ मध्ये समाजवाद्यांनी गेन्सुइकिन ही वेगळी संघटना काढली.

दुसरी खूण घरात दिसते : स्वतःच्या देशात कोणी आपणहून शांतता मागितली तर काय होते? सोव्हिएत संघाने १९५९ मध्ये संयुक्त राष्ट्रांना एक पुतळा भेट दिला. वुचेतिच या शिल्पकाराचा, तलवार ठोकून नांगराचा फाळ करणारा माणूस. १९८० मध्ये पूर्व जर्मनीतल्या प्रोटेस्टंट चर्चच्या तरुणांनी हेच चित्र घेतले. कागदावर छापायला सरकारी परवाना लागायचा. त्यांनी ते न विणलेल्या कापडी पट्टीवर छापले. कायद्याच्या भाषेत तो कापडावरचा संस्कार झाला, छपाई नव्हे. आधी पुस्तकातली खूण निघाली, पुढल्या वर्षी बाहीवर शिवायचे गोल ठिगळ, लाखभर. १९८२ मध्ये बंदी आली. शाळेत, रस्त्यावर पोलीस ते काढायला लावत. काही पोरांनी ठिगळ कापून तिथे गोल भोक तसेच ठेवले, म्हणजे काय कापले ते सगळ्यांना कळेल. सोव्हिएत पुतळ्याचे चित्र सोव्हिएत गोटातच राज्यविरोधी ठरले, यावर तिथल्या अधिकृत शांतता परिषदेला काही सुचले नाही.

मॉस्कोतही तेच. जून १९८२ मध्ये काही नागरिकांनी दोन्ही महासत्तांत विश्वास वाढावा म्हणून स्वतंत्र गट काढला. त्यातल्या सर्गेई बातोव्रिन या चित्रकाराला ऑगस्टमध्ये मनोरुग्णालयात टाकले. १९८३ च्या जूनमध्ये प्रागला परिषदेचे मोठे जागतिक अधिवेशन चालू असताना, चार्टर ७७ या चेकोस्लोव्हाकियातल्या मानवी हक्क चळवळीच्या मंडळींना भेटायला गेलेल्या पाश्चात्त्य शांततावाद्यांची बैठक पोलिसांनी उधळली. या पाश्चात्त्यांना त्यानंतर वेगळे काही समजावून सांगावे लागले नाही.

प्रश्न : ही परिषद अजून आहे का? (एक वाचक, लातूर)

आहे. सोव्हिएत पैसा आटल्यावर पसारा आवरला गेला. मुख्यालय आता अथेन्सला आहे. सभासद संघटना बहुतेक कम्युनिस्ट पक्षांच्या जवळच्या, भारतातून अखिल भारतीय शांतता व ऐक्य संघटना. २०२२ मध्ये हनोईच्या अधिवेशनात अध्यक्षपद पुन्हा एका भारतीयाकडे, पल्लब सेनगुप्ता यांच्याकडे, आले.