फोन करावा का, असं विचारलंत म्हणून

तुम्ही विचारलंत, "ताई, जानेवारीत आम्ही कॅनडात ब्रॅम्प्टनला जातोय. तिकडे म्हणे कुणी पिऊन गाडी चालवतोय असा नुसता संशय आला तरी लोक पोलिसांना कळवतात. आपण या भानगडीत पडावं का?" व्हिसा, हेल्थ कार्ड सगळं सरकारी साइटवर आहे, ते लिहीत नाही. सध्या मी आईकडे कोथरूडलाच आलेय, आणि तुमच्या प्रश्नाने काल रात्रभर डोळा लागला नाही.

फोन करायचा. ९११ ला, म्हणजे तिकडच्या आणीबाणीच्या नंबरला. गाडी चालवताना मोबाइल हातात धरला तर ओंटारियोत, म्हणजे ब्रॅम्प्टन ज्या प्रांतात आहे तिथे, दंड होतो, पण ९११ ला त्यातून सूट आहे. तरी बाजूला थांबूनच बोला. गाडीचा रंग, नंबर, रस्ता, दिशा, एवढं पुरतं. पाठलाग करू नका. तो प्यायलाय हे सिद्ध करणं तुमचं काम नाही.

एक कागद मात्र इथूनच न्या, गाडी चालवण्याच्या अनुभवाचं पत्र. आमचं राहिलं होतं. त्यासाठी सासऱ्यांनी एका कार्यालयात सहा हेलपाटे घातले, दरवेळी नवाच शिक्का कमी पडायचा. चौदा वर्षं पुण्यात गाडी चालवलेला माझा नवरा तिकडे जी-टू लायसन्सवर, नवशिक्यांच्या रांगेत. त्या लायसन्सवर दारूची मर्यादा शून्य. म्हणून २०२४ च्या दिवाळीच्या पार्टीत तो पूर्ण शुद्धीत होता, आणि मीही.

आमचा मित्र पुण्याचाच. पहिल्या हिवाळ्यात विमानतळावरून आम्हाला घरी नेणारा तोच. त्या रात्री दारात बसून बुटाची लेस बांधत होता, तीनदा सुटली. किल्ली मागितली तर हसला. बायको आणि मुलगा गाडीत बसले. मी बाथरूममध्ये जाऊन ९११ लावला. त्याच्या गाडीचा नंबर मला पाठ होता.

९० दिवस त्याचं लायसन्स गेलं, ७ दिवस गाडी जप्त. फोन कुणी केला हे पोलिसांनी सांगितलं नाही. मीच त्याच्या बायकोला सांगितलं, लपवणं जमेना. तेव्हापासून बोलणं बंद. थंडीतला एकटेपणा माणूस सोसतो हो, हा सोसत नाही. माझ्या मुलीला शाळेने इंग्रजी कच्चं म्हणून वेगळ्या वर्गात बसवलं होतं, बसमध्ये शेजारी बसणारा तेवढा त्यांचा मुलगा होता. आता तोही मागे जाऊन बसतो. "आई, तू का केलास फोन?" असं ती अजून विचारते.

का केला? २०११ साली पौड रोडवर एक पांढरी गाडी दुभाजकाला घासत चांदणी चौकाकडे गेली. आम्ही स्कूटरवर मागे होतो. १०० लावायला मी मोबाइल काढला, आणि कोर्टात साक्षीला खेटे घालावे लागतील म्हणून परत पर्समध्ये टाकला. दुसऱ्या दिवशी पेपर आतल्या पानांपर्यंत वाचला. काही सापडलं नाही, पण मन शांत झालं नाही. मग १९ मे २०२४ ला कल्याणीनगर झालं. दोन तरुण इंजिनिअर गेले. गाडी चालवणाऱ्या सतरा वर्षांच्या मुलाला जामिनासाठी ३०० शब्दांचा निबंध लिहायला सांगितला म्हणून सगळे चिडले, मीही चिडले. पण मला सारखं वाटायचं, तो पबमधून निघाला तेव्हा त्याला किती जणांनी पाहिलं असेल?

त्या मित्राची आई सदाशिव पेठेत राहते. तिला यातलं काही माहीत नाही. काल फोन आला, "बॅगेत जागा असेल तर दोन किलो भाजणी नेशील का गं त्याच्यासाठी?" मी हो म्हटलंय.