चुलत दिरांचा कॅमेरा आमच्या परसात वळतो, काय करावं?

प्रश्न: आमचं घर दापोली तालुक्यात, खाडीच्या अलीकडे. मी आणि सासूबाई दोघीच असतो, मुलगा पुण्याला. गडग्यापलीकडे चुलत दिरांचं घर. ते डोंबिवलीला राहतात. जुनं घर पाडून त्यांनी दोन मजली होमस्टे बांधला आणि वरच्या कोपऱ्याला फिरता कॅमेरा लावला. विहीर सामाईक आहे. मी कळशी घेऊन निघाले की कॅमेऱ्याचं तोंड माझ्याबरोबर वळतं, विहिरीपासून थेट पडवीपर्यंत. आमची न्हाणी कुडाची, वरून उघडी, कॅमेऱ्याला वरून दिसत असणार. एप्रिलमध्ये दिरांचा फोन आला, "आज पोफळींना पाणी सोडलं नाहीत?" गेल्या महिन्यात तर मी पडवीत सासूबाईंशी वाटपाबद्दल बोलले, ते त्यांनी भाऊबंदांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर आवाजासकट टाकलं. पोलीस म्हणाले, ही दिवाणी बाब आहे. दीर म्हणतात, भिंत माझी, कॅमेरा माझा. मुलगा म्हणतो, दगड मारून फोडून टाक.

उत्तर: ताई, आधी दगडाचं. कॅमेऱ्याला हात लावू नका, त्यावर कापड टाकायला गडगा ओलांडू नका आणि मुलालाही ते करू देऊ नका. कॅमेरा फोडला की भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२४ खाली आगळीकीचा गुन्हा तुमच्यावर लागेल, आणि त्याचा पुरावा तोच कॅमेरा देईल. आज तक्रारदार तुम्ही आहात. ती जागा सोडू नका.

आता दिरांचं म्हणणं. भिंत त्यांची, हे खरं. पण भिंत कुणाची हा इथे प्रश्नच नाही. कॅमेरा कुठे बघतो आणि काय ऐकतो, हा प्रश्न आहे. शेजाऱ्याच्या नजरेचा विचार आपल्या कायद्यात कॅमेरा येण्याच्या कितीतरी आधीपासून आहे. १८८२ च्या सुविधाधिकार कायद्याच्या, म्हणजे दुसऱ्याच्या जागेबाबतच्या वहिवाटीच्या हक्कांच्या कायद्याच्या, कलम १८ मध्ये एक उदाहरण दिलंय: एखाद्या गावात तशी रूढी असेल, तर शेजाऱ्याच्या खाजगीपणावर आक्रमण होईल अशी नवी खिडकी घरमालकाला पाडता येत नाही. हा कायदा मुंबई इलाख्याला १८९१ मध्ये लागू झाला. मात्र तुमचा दावा मी या कलमावर उभा करणार नाही. तिथे रूढी सिद्ध करावी लागते, आणि जुन्या निकालांत ती मुख्यतः गुजरातच्या भागात मान्य झाली होती. कोकणातली रूढी सिद्ध करायला म्हाताऱ्यांच्या साक्षी काढत बसावं लागेल.

त्याची आता गरजही नाही. २४ ऑगस्ट २०१७ रोजी पुट्टास्वामी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी खाजगीपणा हा घटनेच्या अनुच्छेद २१ मधला मूलभूत हक्क असल्याचा एकमुखी निर्वाळा दिला. तो खटला सरकारविरुद्ध होता, तुमच्या दिरांविरुद्ध नव्हे, आणि समोरचे वकील हे नक्की उठवतील. त्यावर तुमच्या कामाचा निकाल कोलकात्याचा आहे. एकाच घरात राहणाऱ्या दोन भावांपैकी एकाने दुसऱ्याच्या संमतीशिवाय राहत्या भागात कॅमेरे लावले होते. २०२५ मध्ये कोलकाता उच्च न्यायालयाने हा खाजगीपणाचा भंग ठरवला, आणि सर्वोच्च न्यायालयाने त्यात हस्तक्षेप केला नाही. दुसऱ्या राज्याच्या उच्च न्यायालयाचा निकाल आपल्या तालुका न्यायालयावर बंधनकारक नसला तरी त्याला वजन असतं. "जागा सामाईक आहे, मग कॅमेरा का नको" या युक्तिवादाला त्यातून उत्तर मिळतं.

होमस्टे चालवणाऱ्याला राखणीसाठी कॅमेरा लावायचा हक्क आहे, तो मी नाकारत नाही. डोंबिवलीत राहून गावचं घर सांभाळायचं तर तो लागतो. पण चोर पाहुण्यांच्या फाटकातून येईल, पायरीवरून येईल. तुमच्या विहिरीवर कळशीमागे फिरणाऱ्या कॅमेऱ्याने कसली राखण होते? आणि चोर धरायला पडवीतलं बोलणं कशाला ऐकावं लागतं? दुसऱ्याच्या खाजगीपणात शिरायचं तर कारण रास्त हवं आणि शिरकाव त्या कारणापुरताच हवा, हे पुट्टास्वामी निकालाचं सूत्र आहे. माझ्या मते आवाज हा तुमचा सर्वांत भक्कम मुद्दा आहे. खिडकीतून बघणारा माणूस कधीतरी उठून जातो, बघितलेलं विसरतो. हा कॅमेरा रात्री पण बघतो, साठवून ठेवतो आणि डोंबिवलीत बसलेल्या माणसाला तुमच्या पडवीत आणून बसवतो.

नव्या डेटा कायद्याबद्दल तुम्ही विचारलेलं नाही, पण गावात कुणीतरी सांगेल की त्यात अडीचशे कोटींचा दंड आहे. आहे खरा. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यातून घरगुती कामासाठी वापरलेली माहिती वगळली आहे. होमस्टे हा धंदा आहे, त्यामुळे "घरगुती" हा बचाव दिरांना पुरेल असं मला वाटत नाही. पण नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये निघाले आणि मुख्य जबाबदाऱ्या लागू व्हायला अठरा महिन्यांची मुदत ठेवली आहे, म्हणजे मे २०२७. त्याची वाट बघत आडोशाशिवाय आंघोळ करायची का? तो कायदा सध्या बाजूला ठेवा.

पोलिसांचं म्हणणं अर्धं बरोबर आहे. विहीर आणि पडवी यांचा वाद दिवाणी. न्हाणीचा नाही. आंघोळ करणाऱ्या बाईला चोरून बघणं किंवा टिपणं हा न्याय संहितेच्या कलम ७७ चा दखलपात्र गुन्हा आहे. पहिल्या वेळी शिक्षा एक ते तीन वर्षं. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६६ई याच जातीचं आहे. पण तुम्ही लिहिलंय, "वरून दिसत असणार". असणार आणि आहे यात फरक आहे, आणि मी तो लपवणार नाही. मुलगा येईल तेव्हा दिवसाउजेडी न्हाणीत उभं राहून त्याच्याकडून कॅमेऱ्याच्या दिशेने फोटो काढून घ्या. तिथून कॅमेऱ्याची काच दिसत असेल, तर काचेलाही न्हाणी दिसते. तो फोटो जोडून लेखी तक्रार द्या, पोच घ्या. ठाण्यात घेतली नाही तर नागरिक सुरक्षा संहितेच्या (फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा) कलम १७३(४) प्रमाणे रत्नागिरीला पोलीस अधीक्षकांकडे टपालाने पाठवा, तिथेही दाद लागली नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो. दिसत नसेल, तर ही तक्रार करू नका. खोटी पडलेली एक तक्रार तुमचा खरा दावाही बुडवेल.

दिवाणी बाजू अशी. आधी वकिलामार्फत नोटीस. कॅमेऱ्याची दिशा फक्त त्यांच्या फाटकापुरती पक्की करावी, माणसामागे वळायची सोय आणि आवाज बंद करावा, ग्रुपवरची फीत काढावी, आणि आजवरचं रेकॉर्डिंग जपून ठेवावं. हे शेवटचं विसरू नका. कार्ड भरलं की असे कॅमेरे जुनं पुसून त्यावर नवं लिहितात. तंटामुक्त समितीत बोलणं होत असेल तर जरूर करा, भाऊबंदकीत ते बरं. मात्र ठरेल ते लिहून, सह्या घेऊन. नाहीच ऐकलं तर तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात मनाई हुकुमाचा दावा, सोबत तात्पुरत्या मनाईचा अर्ज आणि कोर्ट कमिशनर नेमण्याची विनंती. कमिशनर जागेवर येऊन कॅमेरा काय काय टिपतो ते पडद्यावर बघून अहवाल देतो. माझ्या अनुभवात असे दावे याच अहवालावर फिरतात. खर्चाची काळजी करू नका. महिलांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. तालुका विधी सेवा समिती न्यायालयाच्या आवारातच असते, तिथे अर्ज करा.

दिरांनी ग्रुपवर टाकलेली फीत हा तुमचा पहिला पुरावा आहे, तो त्यांनीच दिलाय. पुढे पाठवू नका, तुमच्या फोनमधून पुसू नका, तो फोन बदलू नका. असा इलेक्ट्रॉनिक पुरावा कोर्टात दाखल करायला लागणारं साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र वकील करून घेतील. ग्रुपवर उत्तरही देऊ नका. वाटपाचं बोलणं तिथे नकोच, त्याचा दावा वेगळा.

आणि न्हाणीवर पत्रा घालून घ्या. घर तुमचं असून झाकून बसायचं तुम्ही, हे मलाही बोचतं. पण निकाल लागेपर्यंत सासूबाईंनी आणि तुम्ही निर्धास्त आंघोळ करणं जास्त महत्त्वाचं. फक्त पत्रा चढवण्याआधी न्हाणीचे चारही बाजूंनी फोटो काढा, आणि सुताराची पावती जपून ठेवा, दाव्यात तो खर्च मागू.